डेन्मार्कनं कापलेला शुक्रवार

या, या. असं उंबऱ्यात उभं राहून काय बोलता? आत या, कूलरसमोर बसा. थोडं जवळ सरका, मला आता लांबचं ऐकू येत नाही आणि मोठ्यानं बोलायला दम पुरत नाही. बसलात? मग आधी बोलणी खा, चहा होतोच आहे. किती वर्षं झाली हो तुम्हाला 'काकू, येतो येतो' म्हणता म्हणता? मुलांच्या परीक्षा झाल्या की येतो. लग्नसराई आटोपली की येतो. नवीन गाडी घेतली की सगळ्यात आधी तुमच्याकडे. गाडी घेऊन जुनी झाली बाप्पा! तशी मी रागावणारी बाई नाही. पण हे जे 'झालं की येतो' आहे ना, त्याची मला अलीकडे धास्ती बसली आहे. काहून बसली, ते सांगायचं तर मंदाची गोष्ट सांगावी लागते.

आमच्या गल्लीत एक सण होतो. तुमच्या भिंतीवरच्या कॅलेंडरात तो सापडणार नाही. तो डेन्मार्कचा आहे. बरं, डेन्मार्कच्या कॅलेंडरातही तो आता सापडणार नाही, कारण तिथल्या सरकारनं त्याची सुट्टी रद्द करून टाकली. म्हणजे ज्या देशाचा सण, तो देश त्या दिवशी मुकाट कामावर जातो आणि इकडे पांढरकवड्यात, सलीमभाईच्या पंक्चरच्या दुकानामागच्या गल्लीत, एक बाई त्या दिवशी शिलाई मशीनवर कपडा टाकून, पांढरी साडी नेसून, अंगणात खुर्ची टाकून सुट्टी घेते. ती मंदा.

मंदा माझ्या भिंतीला भिंत लावून राहते. सत्तरीची झाली. उंचीनं एवढीशी, पण आवाज एसटीच्या कंडक्टरसारखा. झरीकडच्या जंगलात एका कोलाम पोडावर, पोड म्हणजे त्या आदिवासींची वस्ती, तिथं अंगणवाडी चालवण्यात तिची सगळी उमर गेली. नवरा होता. लग्नानंतर लवकरच आदिलाबादकडे कामाला म्हणून गेला आणि तिकडेच दुसरा संसार मांडून बसला. मूलबाळ नाही. नवऱ्याबद्दल मंदा एकच वाक्य बोलते, "त्याचं वजन कधी भरलंच नाई."

वजन हा तिचा जीव की प्राण. अंगणवाडीत लेकरं तोलायचा तो टांगता काटा असतो ना, खाली कापडी झोळी आणि वर गोल तबकडी? नवीन काटे आले तेव्हा जुना भंगारात चालला होता. हिनं तो मागून घेतला आणि घराच्या आढ्याला टांगला. आता गल्लीतलं काहीही त्या झोळीत जातं. नवं बाळ, जुनं बाळ, भाजीवाल्यानं दिलेली कोबी, एकदा तर माझी आजारी मांजर. झोळीत काही टाकलं की ती हात वर करून ओरडते, "काटा थांबू द्या! कोणी बोलू नका!" जसा काही काटा लाजाळू आहे. काटा थांबला की मग निकाल. आणि कोणत्याही भांडणात, कोणत्याही बातमीवर तिचा निकाल ठरलेला: "काटा झुकला."

सासू-सुनेचं वाजलं, काटा झुकला. पाऊस पुसदला पडला आणि आमच्याकडे नाही पडला, काटा झुकला. पण सगळ्यात जास्त काटा झुकतो तो डेन्मार्कचा.

सकाळी बुद्धवंदना झाली की मंदा फोन घेऊन ओट्यावर बसते. डेन्मार्कचं वर्तमानपत्र उघडते, फोन त्याचं मराठी करतो आणि आतली बाई ते मोठ्यानं वाचते. ती फोनातली बाई असं मराठी बोलते की आमच्या शाळेतले पंतोजीही घाबरले असते. 'श्रमबाजारातील असमतोलाबाबत चिंता व्यक्त करण्यात आली.' सकाळी सात वाजता, दात घासताना, हे ऐकायचं! भिंत पातळ आहे. मला डेन्मार्कच्या अर्थमंत्र्याची कामं माझ्या सुनेच्या कामांपेक्षा जास्त पाठ झाली आहेत.

ऐकून झालं की ती दूध आणायला निघते आणि कोपऱ्यावर सलीमभाई तिची वाटच पाहत असतात. टायरमधून मान न काढता विचारतात, "क्या मंदाबाई, आज डेन्मार्क का क्या भाव?"

एकदा मी पण तिथंच उभी होते. मंदानं दुधाची बरणी खाली ठेवली. बरणी खाली ठेवली की समजायचं, भाषण लांबणार.

"भाऊ, तथी माणूस कमावते त्यातला अर्ध्याच्या आसपास सरकारच कापून घेते."

"अर्धा?" सलीमभाईंनी मान बाहेर काढली. "और लोग चुप?"

"चूप नाई, खुश! दवाखाना फुकट. शाळा फुकट. कॉलेजात जाणाऱ्या पोट्ट्याले सरकारच वरून पैसे देते. म्हातारं माणूस पडलं, तं सरकारची बाई घरी येऊन आंघोळ घालून देते."

"कोणाला?" मी म्हटलं. "अनोळखी माणसाला?"

"म्हाताऱ्याले वं ताई. तथी म्हातारा सगळ्याईचा असते."

"इधर भी सबका होता," सलीमभाई म्हणाले, "इसलिए कोई नहीं देखता."

मंदाला हे पटलं पण तिनं दाखवलं नाही. "पण आता काटा झुकला," ती म्हणाली. "म्हातारे झाले बम, पोट्टे झाले कमी. एका झोळीत किती म्हातारे बसवान? कामाले माणसं भेटत नाई. कर अजून वाढवाची सोय नाई. आणखी एक सांगतो. त्या देशाचा लय मोठा पैसा एका सुईवर उभा हाय."

"सुई?"

"बारीक व्हायचं इंजेक्शन. दुनियेतले जाडे लोक ते टोचून घेते. त्या एका कंपनीनं सरकारची तिजोरी फुगवली. न् त्या कंपनीले शिंक आली, की अख्ख्या देशाले सर्दी." मग ती हसली. हसली की तिचे पुढचे दोन दात दिसतात, तेवढेच उरलेत. "मी जिंदगीभर लेकरायचं वजन वाढवाले मरमर मेली. न् ते वजन कमी कराच्या पैशावर म्हाताऱ्याईले पेन्शन देऊन राह्यले. सांगा, झुकला का नाई काटा?"

सलीमभाईंनी पान्हा खाली ठेवला. "मंदाबाई, उनकी पेन्शन की इतनी फिकर. तुम्हारी पेन्शन किधर है?"

तिला पेन्शन नाही. अंगणवाडीतून घरी पाठवताना एकदाच काही हातावर ठेवलं, ते घराच्या पत्र्यात गेलं. आता गोधड्या शिवते आणि कामावर जाणाऱ्या बायांची दोन-तीन लेकरं सांभाळते. पण ती म्हणाली, "मले कायले पायजे पेन्शन? मले कुठी जायाचं हाय?"

तेव्हा मला ते नुसतं बोलणं वाटलं. त्या बोलण्याचा अर्थ कळायला वेळ लागला.

डेन्मार्क तिच्या आयुष्यात आलं ते बैलगाडीतून. ती पोडावर होती तेव्हाची गोष्ट, तिची चाळिशी चालू होती. एक पंचविशीची गोरी पोरगी, किर्स्टन नाव, लेकरांची वजनं कशी वाढतात याचा अभ्यास करायला आली. कोलामांच्या बायांनी दुसऱ्याच दिवशी तिची कुसुम करून टाकली. राहायला दुसरी जागा नव्हती, म्हणून ती मंदाच्या दोन खोल्यांत राहिली. थंडी सुरू झाली तेव्हा आली आणि मोहाची फुलं गळायला लागली तोवर होती. मंदा सांगते ते सगळं हसण्यासारखंच. कुसुमला भाकर थापता येईना, तिची भाकर पाहून कुत्रं आधी भुंकलं आणि मग खाल्लं. ती बादलीशी वाकून 'नमस्कार' म्हणायची, कारण कुठल्या गोष्टीला नमस्कार करायचा आणि कुठल्या नाही हे तिला कोणी सांगितलंच नव्हतं. आणि रात्री दोघी कंदिलाजवळ बसून लेकरांची वजनं ताडून पाहायच्या, ही मराठीत मोजायची, ती तिच्या भाषेत, आणि आकडा जुळला की टाळी.

जायच्या दिवशी पांढरकवड्याच्या बस स्टँडवर कुसुम रडली. रडत रडत तोडक्या मराठीत म्हणाली, "मंदा, पेन्शन झाली की मी येते. तेव्हा खूप वेळ. एक वर्ष राहते तुझ्याजवळ."

आता तुम्हीच सांगा. पंचविशीतली पोरगी निरोप घेताना पेन्शनची बात करते. माझ्यासारखीनं तिथंच ओळखलं असतं. पण मंदानं ते वाक्य झोळीत घातलं, काटा थांबू दिला आणि वजन पक्कं धरून घेतलं. कुसुमच्या देशात तेव्हा सदुसष्टला पेन्शन होती. ठीक आहे. सदुसष्ट तर सदुसष्ट.

मग नाताळला कार्डं येत राहिली. एका कार्डात कुसुमनं लिहिलं की सरकारनं पेन्शनचं वय खाली आणलं, आता पासष्ट. दोन वर्षं वाचली! मंदानं अख्ख्या पोडाला शिरा वाटला. कोलामांच्या म्हाताऱ्यांना वाटलं हिची बदली झाली. ते शिरा खाऊन रडायला लागले. हिनं समजावलं, बदली नाही, डेन्मार्क. मग त्यांनी आणखी शिरा मागितला.

पुढे तिकडचं सरकार पस्तावलं. माणसं जास्त जगायला लागली, म्हणून वय परत वर नेलं आणि असा कायदा करून ठेवला की लोक जसजसे जास्त जगतील तसतसं पेन्शनचं वय आपोआप वर सरकणार. पुन्हा सदुसष्ट. मग अडुसष्ट. मग एकोणसत्तर. दर खेपेला मंदा दोन दिवस जेवायची नाही. आणि चिडायची ती सरकारवर नाही, तिथल्या म्हाताऱ्यांवर! "इतके कायले जगते वं हे लोक? यायले काही कामधंदा हाय का नाई? हे जगते न् तिच्या मानेवर वर्षं चढते." मी म्हटलं, "मंदे, असं कोणाच्या मरणावर टपू नये." तर म्हणते, "मरा नाई म्हणत. थोडं कमी जगा म्हणतो."

असं तिनं डेन्मार्कचं अर्थशास्त्र शिकलं. कॉलेजातून नाही, कोणी शिकवलं नाही. बस स्टँडवर दिलेल्या एका शब्दाच्या मागे मागे चालत शिकलं. तिकडे जन्मदर वाढला की खुश, कारण कर भरणारे वाढतील. बाहेरची माणसं कामाला आली की खुश. यंत्रं आली की खुश. ज्यानं ज्यानं काटा सरळ होईल, ते ते सगळं मंदाला हवं, कारण काटा सरळ झाला की कुसुम सुटेल.

आणि त्यातच तो सण कापला गेला. मोठा प्रार्थनेचा दिवस म्हणतात त्याला. वसंतातला एक शुक्रवार, त्यांच्या ईस्टरनंतरचा चौथा. जुनी सुट्टी होती, शेकडो वर्षांची. सरकार म्हणालं, संरक्षणाचा खर्च वाढला आहे, लोकांनी एक दिवस जास्त काम करावं म्हणजे तिजोरीत भर पडेल. लोक रस्त्यावर उतरले, पण सुट्टी गेली ती गेलीच. कुसुम तिकडे नगरपालिकेच्या पाळणाघरात काम करते, म्हणजे तीही अंगणवाडीवालीच झाली म्हणा. तिचा फोनवर निरोप आला. आदल्या संध्याकाळी वेलदोडा घातलेले गव्हाचे पाव भाजून लोणी लावून खायचे आणि दुसऱ्या दिवशी निवांत झोपायचं, ही लहानपणापासूनची मजा. पाव अजून खाते, पण आता सकाळी उठून कामावर जाते, असं लिहिलं होतं.

मंदा तो निरोप घेऊन माझ्याकडे आली. कपाळावर आठ्या.

"ताई, तिची सुट्टी गेली."

"गेली तर गेली. आपल्याला काय?"

"तिच्या वाटची सुट्टी मी काढतो."

झालं! त्या वर्षीपासून आमच्याकडे डेन्मार्कचा सण. पहिल्या वर्षी तिनं कुकरमध्ये वाळू घालून पाव भाजले. सलीमभाईंनी एक हातात घेतला, उलटा केला, ठोकला. म्हणाले, "मंदाबाई, दो देना. चढाव पे गाडी खडी करता, चाक के नीचे लगाने को." दुसऱ्या वर्षी ती शहाणी झाली. गव्हाच्या पिठात वेलदोडा आणि थोडा गूळ घालून, पळसाच्या पानांत थापून, गोवऱ्यांच्या आरावर पानगे भाजले. फोडले आणि वरून तूप. आता ते डेन्मार्कचे राहिले का, ते तुम्ही ठरवा. गल्लीतली लेकरं तोंड भाजून घेईपर्यंत खातात.

शुक्रवारी मात्र हाल. सुट्टी म्हणजे काही करायचं नाही, हा नियम मंदानं स्वतःच केलेला. पण तिला रिकामं बसता येत नाही. खुर्चीत बसते, पदर नीट करते, पुन्हा करते. हात मांडीवर ठेवते, ते उचलून दुसऱ्या मांडीवर ठेवते. दर थोड्या वेळानं मला भिंतीवरून हाक, "ताई, किती वाजले?" सलीमभाई नमाजाला निघाले की डिवचून जातात, "बाई, जुम्मे की प्रार्थना तो हमारी हर हफ्ते है. हमारी किसीने काटी नहीं, आ जाओ इधर!" मंदा सांगते, "जा वो तुम्ही. मी ड्युटीवर हाय." सुट्टीच्या ड्युटीवर असलेली बाई मी दुसरी पाहिली नाही.

हे सगळं हसण्यावारी चाललं होतं. मग गेल्या वर्षीचा मे महिना आला. त्या शुक्रवारला आठवडाही झाला नव्हता. सकाळी भिंतीपलीकडून फोनातल्या बाईचा आवाज आला: 'निवृत्तीचे वय सत्तर वर्षे करण्याच्या कायद्यास संसदेने मंजुरी दिली.' आणि मग काहीच नाही. फोन बंद. मंदा दुधाला निघाली नाही. सलीमभाईंनी मला विचारलं, "काकू, डेन्मार्क बंद है क्या आज?"

मी तिच्याकडे गेले. झोळीच्या खाली पाटावर बसली होती. म्हणाली, "कुसुम सत्तरची होईन तवा मी पंच्याऐंशीची."

मी फटकळ बाई, कुठवर गप्प बसणार? म्हटलं, "मंदे, एक विचारू? त्या लोकांना वर्षाला पाच-सहा आठवडे सुट्टी असते म्हणतेस ना?"

"असते."

"विमानात बसलं की दुसऱ्या दिवशी नागपूर. तिथून आपलं गाव किती लांब आहे? पेन्शन कायले पाहिजे? तू तिला कधी 'ये' म्हटलंस?"

ती साडीच्या काठाचा दोरा ओढत राहिली. मग म्हणाली, "नाई."

"इतक्या वर्षांत एकदाही नाही?"

"म्हटलं 'ये', न् नाई आली, तं?"

मी तिच्या पाटाशेजारी जमिनीवर बसले.

"आता कसं," ती म्हणाली, "सरकारच्यापायी येत नाई."

मी घरी आले आणि दुपारभर नुसती पडून राहिले. इतकी वर्षं मी त्या भिंतीला कान लावून हसत होते. कर, पेन्शन, जन्मदर, बारीक व्हायचं इंजेक्शन. मला वाटायचं हिला येड लागलं आहे. आणि ती बिचारी रोज सकाळी फक्त एवढीच खात्री करून घेत होती की कुसुमला यायचं आहे, तिला कोणीतरी अडवून धरलं आहे. तिकडचं सरकार जितकं कडक, तितकं मंदाचं मन राखलं जात होतं.

त्यानंतर मी तो विषय काढला नाही. तीही पूर्वीसारखी बातम्या ऐकायला लागली, पण आवाज कमी करून.

यंदा तर मजाच झाली. तो कापलेला शुक्रवार, बुद्ध पौर्णिमा आणि महाराष्ट्र दिन, तिन्ही एकाच दिवशी आले. कामगार दिनही तोच! सलीमभाई म्हणाले, "मंदाबाई, अब तो सरकार ने ही छुट्टी दे दी. तुम्हारा डेन्मार्क जीत गया." मंदा खुशीत होती. पानग्यांसोबत पौर्णिमेची खीरही करायची ठरलं. पण तिला एप्रिलच्या शेवटी ऊन लागलं. दोन दिवस तापली, उलट्या झाल्या. गुरुवारी संध्याकाळी पाहते तर ही बाई भिंतीचा आधार घेत परातीत पीठ काढते आहे. अर्धं पीठ जमिनीवर.

मी तिच्या हातातून परात ओढली. रागानंच म्हटलं, "तू बस. मी करते."

मंदा माझ्याकडे बघतच राहिली. मग मटकन पाटावर बसली आणि तोंडाला पदर लावून रडायला लागली. मी घाबरले. म्हटलं, "काय झालं वं माय? चक्कर आली का?"

मान हलवून नाही म्हणाली. मग सांगितलं. पोडावर दिवसभर लेकरं, खिचडी, पाणी, सगळं उरकून ती घरी यायची आणि चुलीपुढे बसायची. कुसुमला मराठीची चार वाक्यं येत नव्हती. पण एक दिवस तिनं कोणाकडून तरी शिकून घेतलं आणि मंदाच्या हातातून फुंकणी काढून घेऊन म्हणाली, "तू बस. मी करते." धुरानं तिचे डोळे लाल व्हायचे, चहात साखर जास्त पडायची. पण रोज संध्याकाळी तेच वाक्य.

"त्याच्या आधी मले कोणी तसं म्हटलं नवतं," मंदा म्हणाली. "मायनं नाई, नवऱ्यानं नाई. त्याच्या मांगून आज तू."

मी पीठ मळत राहिले. दुसरं काय करणार? पाणी जास्त झालं, पुन्हा पीठ घातलं. अंगणात गोवऱ्या पेटल्या होत्या, लेकरं पळसाची पानं घेऊन बसली होती. मी पहिला पानगा आरावर ठेवला आणि वळून पाहिलं, तर मंदानं फोन हातात घेतला होता. निरोप बोलून पाठवायचं ते बटण तिनं दाबून धरलं. आम्हाला सगळ्यांना हातानं गप्प बसवलं, अगदी काटा थांबायच्या वेळी बसवते तसं. लेकरंसुद्धा चिडीचूप.

आणि कंडक्टरच्या आवाजाची ती बाई इतक्या हळू बोलली की मला जेमतेम ऐकू आलं.

"कुसुम, ये."

एवढंच. बोट उचललं. निरोप गेला.

थोड्या वेळानं त्या दोन खुणा निळ्या झाल्या. कुसुमनं ऐकलं होतं. मंदानं फोन मांडीवर उलटा ठेवला, मग सुलटा, मग पुन्हा उलटा. आम्ही पानगे खाल्ले. मी केलेले थोडे कच्चे राहिले होते, कोणी बोललं नाही. सलीमभाई चार घेऊन गेले आणि यंदा त्यांनी चाकाचं नावही काढलं नाही.

दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी, मंदानं पांढरी साडी नेसली. वंदना झाली, खीर वाटून झाली. मग अंगणातल्या कडुनिंबाखाली तिनं खुर्ची टाकली. शेजारी आणखी एक खुर्ची टाकली. मला वाटलं माझ्यासाठी, मी बसायला गेले, तर म्हणाली, "तू त्या मोढ्यावर बस ना ताई." मी मोढ्यावर बसले. यंदा ती हात इकडून तिकडे करत नव्हती. फोन मांडीवर आणि नजर त्यावर.

दुपार कलली. ऊन कडुनिंबातून सरकून त्या रिकाम्या खुर्चीवर आलं. मी म्हटलं, "मंदे, काही आलं का?"

तिनं फोनकडे पाहिलं. मग मान ताठ करून, अगदी तिकडच्या पंतप्रधानाच्या बाजूनं बोलावं तशी म्हणाली, "कामावर असन ती. आज सुट्टी कुठी हाय तिले?"

या गोष्टीला थोडेच दिवस झाले. अजून उत्तर आलेलं नाही. मंदानं मात्र एक नवीन गोधडी शिवायला घेतली आहे, चांगली लांब, उंच माणसाला पुरेल अशी. भिंतीपलीकडून रात्री मशीनचा आवाज येतो. ती दुसरी खुर्ची तिनं अजून आत नेलेली नाही.

घ्या, चहा गार होऊन गेला तुमचा. आणि उठायची काय घाई? बरं, निघा, पण आता मला ते 'झालं की येतो' ऐकवू नका. पुढच्या रविवारी या. मुलांना घेऊन या, मंदा झोळीत घालून सगळ्यांची वजनं करेल, तेव्हा हसू नका. डेन्मार्कचं विचारा, ती बरणी खाली ठेवून सांगेल. आणि दोघींपैकी कोणी चुलीपाशी जायला लागलं तर तुम्हीच उठा, चहा तुम्ही करा. साखर जास्त पडली तरी चालेल आम्हाला. पण या बाप्पा, लवकर या.